गृहकर्ज: हप्ता सगळ्यांना तोंडपाठ, पण उरलेले हप्ते किती?

वहीखातं

ओळखीतल्या लोकांची कर्जाची स्टेटमेंटं वाचून देणं हा माझा फावल्या वेळचा उद्योग. हिशेब हाच पेशा असल्यामुळे लग्नाच्या पंगतीतसुद्धा कुणीतरी मोबाइल पुढे करून 'जरा बघ ना रे' म्हणतंच. इतक्या स्टेटमेंटांवरून एक गोष्ट पक्की झाली आहे. हप्ता किती, हे प्रत्येकाला रुपयापर्यंत ठाऊक असतं. किती हप्ते उरले, हे विचारलं की नवरा बायकोकडे बघतो आणि बायको नवऱ्याकडे. गृहकर्जाची खरी किंमत मात्र त्या दुसऱ्या आकड्यात दडलेली असते, म्हणून हा धागा.

आधी साधं उदाहरण. ५० लाख कर्ज, २० वर्षं, साडेआठ टक्के. हप्ता ४३,३९१ रुपये. एकूण भरणा १ कोटी ४ लाख, त्यातलं व्याज ५४ लाख. एवढा गुणाकार बँकेच्या दारातच होतो, माणूस 'बापरे' म्हणतो आणि सही करतो. आत काय चालतं ते बघा. पहिल्या हप्त्यातले ३५,४१७ रुपये व्याजाचे, मुद्दलात जातात फक्त ७,९७४. पाच वर्षं न चुकता भरलेत, म्हणजे २६ लाख गेले, तरी मुद्दल उरतं ४४ लाख. दहा वर्षांनी ५२ लाख भरून झालेले असतात, घेतले त्याहून जास्त, आणि देणं असतं ३५ लाख! हप्त्यात व्याजापेक्षा मुद्दलाचा वाटा मोठा व्हायला बारावं वर्ष संपत यावं लागतं.

यात लबाडी काहीच नाही. जेवढं देणं शिल्लक तेवढ्यावर त्या महिन्याचं व्याज, एवढाच नियम. सुरुवातीला शिल्लक मोठी म्हणून व्याज मोठं. पण मुदत ताणली की हाच नियम महाग पडतो. तेच कर्ज ३० वर्षांचं केलं तर हप्ता ३८,४४६ होतो. महिन्याला पाच हजारांची सोय, आणि व्याज ५४ चं ८८ लाख. उलट १५ वर्षांचं केलं तर हप्ता ४९,२३७ आणि व्याज साडेअडतीस लाखांच्या आसपास.

आता माझ्या मते सगळ्यात महत्त्वाचा भाग. रिझर्व्ह बँकेचा रेपो दर, म्हणजे ती बँकांना ज्या दराने उसने पैसे देते तो, मे २०२० पासून दोन वर्षं ४ टक्के होता. त्या काळात पावणेसात टक्क्यांनी कर्जं मिळाली. समजा कुणी २०२१ मध्ये ५० लाख २० वर्षांसाठी घेतले, हप्ता ३८,०१८. मे २०२२ पासून रेपो वाढत गेला आणि फेब्रुवारी २०२३ मध्ये साडेसहा टक्क्यांवर पोचला. रेपोला जोडलेलं कर्ज सव्वानऊवर गेलं. बहुतेक ठिकाणी हप्ता वाढवला नाही, मुदत वाढवली. गणित सोपं राहावं म्हणून दोन वर्षांनंतर दर एकदम वाढला असं धरतो. शिल्लक ४७ लाख ४७ हजार, त्यावर सव्वानऊने महिन्याचं व्याज ३६,५८८. हप्ता ३८,०१८. मुद्दलात जातात १,४३० रुपये. उरलेली १८ वर्षं होतात साडेपस्तीस!

मुदत तीच ठेवायची तर हप्ता ४५,१९३ करावा लागला असता. महिन्याला सात हजार जास्त. पण दर कायम राहिला तर दोन्ही वाटांमधला फरक जवळजवळ ६५ लाखांचा आहे. खात्यातून कापली जाणारी रक्कम बदललेली नाही, म्हणून घरात कुणाला पत्ताच नसतो.

---

चिंचवडकर

वाचनखूण साठवली. पण तुम्ही कर्ज मंजूर झाल्यापासून सुरुवात केलीत, खिसा त्याच्या आधीच कापला जातो. पुण्यात ६५ लाखांचा बांधकाम चालू असलेला फ्लॅट घ्या. मुद्रांक शुल्क ७ टक्के धरा, साडेचार लाखांवर गेले. नोंदणी ३० हजार. जीएसटी ५ टक्के, सव्वातीन लाख. झाले ८ लाख १० हजार. यातलं बँक सहसा काही देत नाही, कारण कर्ज घराच्या किमतीवर मिळतं, शुल्कावर नाही. शिवाय ३० ते ७५ लाखांच्या कर्जात किमतीच्या ८० टक्क्यांपेक्षा जास्त मिळत नाही. म्हणजे १३ लाख स्वतःचे आणि वर हे ८ लाख.

मग लोक काय करतात? वैयक्तिक कर्ज काढतात, नाहीतर सोनं गहाण टाकतात. त्याचं व्याज गृहकर्जाच्या हिशेबात कुणी धरत नाही.

दोन सूचना. भोगवटा प्रमाणपत्र मिळालेला फ्लॅट बिल्डरकडून घेतला तर जीएसटी नाही. आणि घर फक्त बाईमाणसाच्या नावावर घेतलं तर मुद्रांक शुल्कात एक टक्का सवलत आहे, या उदाहरणात ६५ हजार. नवऱ्याचं नाव सोबत लावलंत की सवलत गेली.

---

पक्या

म्हणूनच भाड्याने राहतो. ६५ लाखांच्या फ्लॅटला आमच्या सोसायटीत १८ हजार भाडं आहे. ४३ हजारांचा हप्ता कशाला भरायचा? उरलेल्या २५ हजारांची एसआयपी, म्हणजे दर महिन्याला म्युच्युअल फंडात. वीस वर्षांनी बघू कोण हसतंय.

---

सदाफुली

पक्या, ते २५ हजार खरंच गुंतवतोस का? मागच्या धाग्यात गोव्याच्या सहलीचे फोटो टाकले होतेस 😀

---

पक्या

गोवा अपवाद होता.

---

रानभैरी

वहीखातं, लेख छान, पण अर्धं चित्र आहे. २० वर्षांचे रुपये एकत्र मिळवून '१ कोटी ४ लाख' म्हणणं म्हणजे २०२६ चा रुपया आणि २०४६ चा रुपया सारखाच धरणं. महागाई ६ टक्के धरली तर पंधराव्या वर्षीचा ४३ हजारांचा हप्ता आजच्या १८ हजारांइतकाच जड वाटेल. पगार वाढतो, हप्ता वाढत नाही. माझ्या वडिलांनी १९९८ मध्ये नाशिकला घर घेतलं तेव्हा हप्त्यात अर्धा पगार जायचा. निवृत्त झाले तेव्हा तोच हप्ता विजेच्या बिलात जमा होता. तुमच्या आकड्यांनी नवीन पोरं उगाच घाबरतात.

---

वहीखातं

मान्य. बेरीज हा ढोबळ आकडा आहे. पण महागाईचा फायदा मिळतो तो हप्ता आणि मुदत दोन्ही जागच्या जागी राहिली तर. मी ज्या घरांची स्टेटमेंटं पाहिली तिथे पगार वाढला तसा दुसरा फ्लॅट नाहीतर गाडी आली, आणि पहिल्या कर्जाची मुदत मागे वाढतच राहिली. तुमच्या वडिलांच्या कर्जात मुदत वाढली नव्हती ना? तो मोठा फरक आहे.

---

अण्णा_खडकी

आम्ही केंद्र सरकारी नोकर, दारूगोळा कारखान्यातून निवृत्त. आम्हाला घरबांधणी अग्रिम मिळायचा. सरळ व्याज, चक्रवाढ नाही, आणि आधी पूर्ण मुद्दल फेडायचं, जास्तीत जास्त १८० हप्त्यांत, मग ६० हप्त्यांत व्याज. मुद्दल दर महिन्याला घसरताना दिसायचं, त्याचं समाधान वेगळंच. मुलाच्या कर्जाचा तक्ता पहिल्यांदा पाहिला तेव्हा मी त्याला म्हटलं, अरे तुझं मुद्दल हलतच नाही. तो म्हणाला, बाबा, सगळ्यांचं असंच असतं.

---

सदाफुली

माझा प्रश्न करसवलतीचा. आमचे एजंट सांगतात, 'मॅडम, कर्ज फेडू नका, टॅक्स वाचतो'. खरं का?

---

रानभैरी

एजंटांचं हे वाक्य बहुधा प्रशिक्षणातच पाठ करून घेतात.

जुन्या करपद्धतीत, स्वतः राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला २ लाखांपर्यंतच वजावट आहे. वहीखातं यांच्या उदाहरणात पहिल्या वर्षीचं व्याज ४ लाख २१ हजार, म्हणजे निम्म्याहून जास्त वजावटीबाहेर. ३० टक्क्यांच्या पट्टीत असाल तर उपकरासह कर वाचतो ६२,४००. ते मिळवायला ४ लाख २१ हजार द्यायचे. नवरा-बायको दोघं मालक आणि दोघं कर्जदार असतील तर दोघांना दोन-दोन लाख मिळतात, तिथे गणित जरा बरं होतं. मुद्दलाची वजावट ८०सी मध्ये, पण दीड लाखाची ती मर्यादा पीएफ आणि विम्यातच भरलेली असते.

आणि नवीन करपद्धतीत राहत्या घराच्या व्याजाला काहीच नाही. २०२३-२४ पासून तीच आपोआप लागू होते आणि २०२५-२६ पासून १२ लाखांपर्यंतच्या उत्पन्नाला तिच्यात कर नाही. तुमचा पगार त्या आत असेल तर एजंटला विचारा, कुठला टॅक्स वाचतो म्हणून.

---

तिरफळ

रत्नागिरीहून बोलतोय. इथे एक गोष्ट सर्रास चालते, पुण्यामुंबईतही चालत असणार. कर्ज मंजूर होताना सोबत 'कर्ज सुरक्षा विमा' येतो. एकरकमी हप्ता, समजा दीड लाख, आणि तो तुमच्याकडून रोख घेत नाहीत, कर्जातच मिळवतात. माणसाला वाटतं फुकटात झालं. साडेआठ टक्क्यांनी २० वर्षांत त्या दीड लाखाचे ३ लाख १२ हजार होतात. अर्ज सोबत आला म्हणून तोच विमा घेतला पाहिजे असं नाही. त्यापेक्षा वेगळा टर्म प्लॅन (निव्वळ आयुर्विमा) घ्या, तो कर्ज दुसऱ्या बँकेत नेलं तरी चालू राहतो.

विमाच नको असं मात्र कुणी समजू नका. आमच्या गावात कमावता माणूस गेल्यावर कर्जाखाली आलेलं घर विकावं लागलेलं मी पाहिलंय.

---

व्यवस्थापन

जाहिरातवजा दोन प्रतिसाद काढून टाकले आहेत. 'कमी दरात गृहकर्जासाठी संपर्क' असले मजकूर इथे चालणार नाहीत.

---

जर्सीकर

न्यू जर्सीतून. तुमच्याकडची 'मुदत गुपचूप वाढली' ही भानगड इथल्या लोकांना समजावून सांगायला कठीण जाईल. इथे बहुतेकांचं कर्ज ३० वर्षं, एकाच दराने. जानेवारी २०२१ मध्ये ३० वर्षांच्या कर्जाचा सरासरी दर २.६५ टक्क्यांवर आला होता. तेव्हा ज्यांनी घेतलं ते आता घर सोडायला तयार नाहीत, कारण ऑक्टोबर २०२३ मध्ये तोच दर ७.७९ झाला. आमच्या ओळखीत एका कुटुंबाने दुसऱ्या गावात नोकरी मिळूनही घर बदललं नाही.

पण इथला छुपा खर्च वेगळा. मालमत्ता कर. न्यू जर्सीत तो इतका असतो की कर्ज फिटल्यावरही दर महिन्याला हप्ता भरल्यासारखं वाटतं. तुमच्या पालिकेची घरपट्टी बघून आम्हाला हेवा वाटतो.

---

चिंचवडकर

जर्सीकर, या एकदा आमच्या रस्त्यांवरून, हेवा जाईल.

---

अबोली

पहिल्यांदाच लिहितेय, चुकलं तर सांभाळून घ्या. आमचं कर्ज एका हाउसिंग फायनान्स कंपनीचं. शिल्लक ३२ लाख, दर ९.६ टक्के, १५ वर्षं राहिलीत. २०२५ मध्ये रेपो सव्वा टक्का खाली आला असं पेपरात वाचलं, आमच्या दरात मात्र काहीच फरक नाही. नवीन लोकांना तीच कंपनी ८.१ ने देतेय म्हणे. ह्यांना फोन करायला सांगितलं तर म्हणतात, 'आपोआप होईल ते'. होतं का आपोआप?

---

वहीखातं

अबोलीताई, आपोआप होत नाही. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना नवीन फ्लोटिंग, म्हणजे बदलत्या दराची, गृहकर्जं रेपोसारख्या बाहेरच्या दराला जोडावी लागतात, त्यामुळे तिथे दर उतरला की तीन महिन्यांच्या आत परिणाम दिसतो. हाउसिंग फायनान्स कंपन्यांना ते बंधन नाही. त्यांचा स्वतःचा दर असतो आणि जुन्या ग्राहकासाठी तो हलवायची त्यांना घाई नसते. बँकेत असाल आणि कर्ज २०१९ च्या आधीचं असेल तरी तेच, ते अजून एमसीएलआर किंवा त्याहून जुन्या बेस रेटवर, म्हणजे बँकेने स्वतः ठरवलेल्या दरावर, अडकलेलं असू शकतं.

तुमचे आकडे मांडले. सध्याचा हप्ता साधारण ३३,६०९ असणार. दर ८.१ झाला आणि हप्ता तोच ठेवला तर १८० ऐवजी १५३ हप्त्यांत कर्ज संपतं. २७ हप्ते वाचले, नऊ लाख रुपये. त्यासाठी कंपनीला 'दर बदलून द्या' असा अर्ज करायचा, त्याला रूपांतर शुल्क लागतं. ते विचारा, पावती घ्या.

नाही म्हणाले तर दुसऱ्या बँकेत कर्ज हलवता येतं. वैयक्तिक फ्लोटिंग गृहकर्ज मुदतीआधी फेडायला दंड नाही. पण नवीन बँकेचं प्रक्रिया शुल्क, वकिलाचा अहवाल, मूल्यांकन, आणि महाराष्ट्रात गहाणाच्या नोटिशीवर परत मुद्रांक शुल्क, हे सगळं नऊ लाखांतून वजा करून बघा. तुमच्याकडे १५ वर्षं राहिलीत म्हणून परवडेल. तीन-चार वर्षं राहिलेल्याने या भानगडीत पडू नये.

---

तिरफळ

कर्ज हलवताना मूळ कागदांची यादी तपासून घ्या. कर्ज पूर्ण फेडल्यावर ३० दिवसांत मूळ कागद परत मिळाले पाहिजेत, त्यांच्यामुळे उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई, असा रिझर्व्ह बँकेचा नियम डिसेंबर २०२३ पासून आहे. लोकांना माहीतच नसतो.

---

सातारकर

शिक्षक आहे, आकडेमोड फारशी येत नाही. मला एवढंच सांगा, दोन लाख हातात आहेत. कर्जात टाकू का पीपीएफमध्ये?

---

वहीखातं

सातारकर सर, वर्ष कुठलं चालू आहे त्यावर. माझ्याच ५० लाखांच्या उदाहरणात तिसरं वर्ष संपताना २ लाख मुद्दलात भरले आणि हप्ता तोच ठेवला तर शेवटचे १८ हप्ते जातात, म्हणजे जवळपास आठ लाख. पंधरावं वर्ष संपताना तेच २ लाख भरले तर सातच हप्ते. म्हणून जे काही करायचं ते सुरुवातीला.

---

रानभैरी

इथे मी पुन्हा आडवा येणार. १८ हप्ते आणि ७ हप्ते असं ऐकलं की सुरुवातीला भरण्यात काही जादू आहे असं वाटतं. जादू नाही. दोन्ही वेळा त्या २ लाखांवर परतावा साडेआठ टक्केच, फक्त एकदा तो जास्त वर्षं काम करतो. सरांनी तुलना दराशी करावी. पीपीएफ ७.१ टक्के, करमुक्त, पण १५ वर्षं अडकलेलं. कर्जाचा दर ८.५ आणि करसवलत मिळत नसेल तर कर्जात भरणं म्हणजे साडेआठ टक्के खात्रीचा, करमुक्त परतावा. मुदत ठेवीवर कुणी देतंय का? शेअरबाजारात जास्त मिळेल, नाही मिळणार, ते पक्याला विचारा.

आणि सर, सहा महिन्यांचा घरखर्च आधी बाजूला ठेवा. कर्जात भरलेले पैसे बँक परत देत नाही. ओव्हरड्राफ्ट पद्धतीचं गृहकर्ज असेल तर गोष्ट वेगळी. तिथे जादा पैसे खात्यात ठेवले की तेवढ्यावर व्याज लागत नाही आणि गरज पडली तर काढताही येतात. दर थोडा जास्त असतो.

---

वहीखातं

हे बरोबर आहे. माझं म्हणणं व्यवहारातलं होतं. पंधराव्या वर्षी लोकांकडे पैसे असतात, तिसऱ्या वर्षी नसतात, आणि तिसऱ्या वर्षीच कुणी बोनसकडे बघून विचार करत नाही. वर्षाला एक जादा हप्ता भरला तरी हे २० वर्षांचं कर्ज १६ वर्षं ८ महिन्यांत आटपतं आणि दहा लाख वाचतात. पगारवाढीबरोबर हप्ता दरवर्षी ५ टक्क्यांनी वाढवला तर बारा वर्षं आणि दोन-तीन महिन्यांत.

---

अबोली

कंपनीत जाऊन आले. शुल्क भरून ८.१५ करून देतो म्हणाले. म्हणजे इतकी वर्षं नुसतं मागायचं राहिलं होतं! पण त्यांनी एक फॉर्म दिलाय, त्यात दोन चौकटी आहेत. 'हप्ता कमी' आणि 'मुदत कमी'. तिथला मुलगा म्हणाला, मॅडम, सगळे हप्ता कमीवरच टिक करतात.

---

सदाफुली

अबोली, थांब! टिक करू नकोस, वहीखातं येऊ देत.

---

वहीखातं

आलो. ३३ हजारांचा हप्ता आत्ता झेपतोय ना? मग 'मुदत कमी'. त्या चौकटीशेजारी हाताने 'हप्ता रु. ३३,६०९ कायम ठेवावा' असंही लिहा, कारण नुसती टिक केली तर संगणकात कधी कधी उलट नोंद झालेली मी पाहिली आहे. पोच म्हणून शिक्का घ्या. पुढच्या महिन्यात नवीन परतफेडीचा तक्ता मागवा आणि शेवटच्या हप्त्याची तारीख बघा. दर तिमाहीला असं विवरण द्यायचं आणि दर बदलला की हप्ता वाढवायचा का मुदत, हे कर्जदाराला विचारायचं, अशी रिझर्व्ह बँकेची ऑगस्ट २०२३ ची सूचना आहे. न मागता मिळालं नाही तर मेल करा.

---

अबोली

ह्यांचा प्रश्न आहे, हप्ता थोडा वाढवून ३५ हजार केला तर? आणि तो फॉर्म पेनने भरायचा का तिथेच टाइप करून घ्यायचा?

---

वहीखातं

३५ हजार केलात तर ८.१५ ने साधारण १४४ हप्ते. पेनने भरा.